हायनाल कोणाचा

१

सोमवारी सकाळी मी नऊ नंबरची फाईल उघडली तेव्हा तिच्यातलं शेवटचं पान जागेवर नव्हतं.

मी फाईल उलटी करून झटकली. कपाटाखाली बॅटरी मारून पाहिलं. माझ्यासमोर पिरी नेनी उभी होती, निळ्या झग्यात, तिसऱ्या मजल्यावरून जिने उतरून आलेली. वय एकाहत्तर, आणि गेली पन्नास वर्षं बल्बमध्ये तार बसवतेय. नेनी म्हणजे मावशी, आणि कारखान्यातल्या प्रत्येकाची ती मावशी.

"सावकाश शोध, ओतो," ती म्हणाली. "कागद आहे तो, उडून कुठे जातोय."

"नाहीये, पिरी नेनी."

"म्हणजे नीट शोधलं नाहीस."

"कपाटाखाली एक मोजा मिळाला. तो माझाच आहे."

तिला हसू आलं नाही. ती शेगडीजवळच्या खुर्चीवर बसली. केसाहून बारीक तार चिमट्यात धरणाऱ्या हातांनी ती झग्याचं एकच बटण पुन्हा पुन्हा लावत-काढत होती. मला तिच्याकडे बघवेना.

हायनाल म्हणजे पहाट. उयपेश्तच्या या कारखान्यात बनलेल्या प्रत्येक दिव्यावर हे नाव असायचं, आणि आमच्या देशात असं घर नसेल जिथे तो दिवा लागला नाही. एकतीस वर्षांपूर्वी सरकारने कारखाना अमेरिकनांना विकला. चार वर्षांपूर्वी अमेरिकनांनी तो आमच्याच देशातल्या एका श्रीमंताला विकला. गेल्या वर्षी त्या श्रीमंताचं दिवाळं निघालं आणि नऊशे माणसं घरी गेली. मागे उरलं कारखान्याचं संग्रहालय, म्हणजे दोन खोल्या, एक शेगडी आणि मी. आणि तिसऱ्या मजल्यावरची अकरा माणसं, जी अजून रोज सकाळी सहाला येतात आणि रेल्वेच्या सिग्नलचे, ऑपरेशनच्या खोलीतले, सूक्ष्मदर्शकाचे खास दिवे हाताने बनवतात.

ती अकरा जणं टिकली ती त्या एका पानामुळे. मार्च १९९२ मध्ये, विक्री होताना, त्या वेळचे संचालक सालांत्सी गेझा यांनी अमेरिकनांकडून लिहून घेतलं होतं की बाकी नाव तुम्ही घ्या, पण खास दिव्यांवरचं हायनाल हे नाव तिसऱ्या मजल्याच्या सहकारी संस्थेचंच राहील, पुढे कारखाना कुणीही घेवो. खाली गेझा बाचींची, म्हणजे आम्हा सगळ्यांच्या गेझाकाकांची सही, अमेरिकनांची सही आणि मजल्यावरच्या सगळ्यांच्या सह्या. सरकारदरबारी नोंद कुणी केली नाही, कारण सगळ्यांना माहीतच होतं. अमेरिकनांची प्रत त्यांच्या कुठल्याशा गोदामाबरोबर गेली. उरली फक्त माझ्या कपाटातली.

"शुक्रवारी दहा वाजता ती दिवाळखोरीचा कारभार बघणारी अवसायक बाई विकायच्या मालाची यादी बंद करणार," पिरी नेनी म्हणाली. "त्याआधी पान दाखवलं नाही तर आमचंही नाव यादीत जाईल. रेल्वेने मंजुरी दिलीय ती हायनालला, या पिरोश्काला, म्हणजे मला नाही. नाव गेलं की अकरा जण घरी."

ती उठली, दारापर्यंत गेली आणि वळली.

"किल्ली कुणाकडे असते रे या कपाटाची?"

"माझ्याकडे."

"आणि दुसरी?"

दुसरी किल्लीच नव्हती.

२

अशा वेळी ज्या एका माणसाला बोलवावं तिला मी तीन वर्षं फोन केला नव्हता. एदिना तीस वर्षं ट्रेडमार्क कार्यालयात होती. कुठलं नाव कुणाचं, कुणी कुणाचं ढापलं, हे ती वासावरून सांगायची. त्याआधी आणि त्या काळात नऊ वर्षं ती माझी बायकोही होती.

आमचं कशावरून फाटलं हे ती सगळ्यांना सांगते, म्हणून मीच सांगतो. १९९६ साली सव्वीस फेब्रुवारीला मी सात ट्यूलिप घेऊन घरी आलो. आमच्याकडे वाढदिवस एक वेळ विसरला तरी चालतो, नामदिन विसरून चालत नाही. पंचांगात प्रत्येक नावाचा दिवस ठरलेला असतो आणि त्या दिवशी सगळं जग त्या नावाच्या माणसाला फुलं आणून देतं. भिंतीवरच्या कॅलेंडरात सव्वीसला एदिना होती. मी मोठ्या ऐटीत फुलं पुढे केली. ती म्हणाली, "आज माझा दिवस नाही. ही फुलं गेझा बाचींना नेऊन दे." कॅलेंडर मागच्या वर्षीचं होतं हे माझ्या लक्षात आलं नव्हतं. तीन महिन्यांनी ती माहेरी गेली. फुलं हे फक्त निमित्त होतं, हे मलाही कळतं.

"जाड झालास," आल्या आल्या ती म्हणाली. कोट काढला नाही. "फोनवर म्हणालास, डिसेंबरात पान जागेवर होतं. तेव्हापासून कोण कोण आलं?"

मी नोंदवही दिली. थंडीत संग्रहालयाकडे कुत्रंही फिरकत नाही. दोनच नावं होती. बारा जानेवारीला अवसायक वामोश ब्रिगित्ता, एक तास, एकटी बसून फायली चाळल्या. सतरा जानेवारीला तोर्दाई लेहेल, वीस मिनिटं.

"लेहेल म्हणजे तो बल्ब विकणारा?"

"हो. हायनालचं नाव लावून बाहेरचे बल्ब विकतो. नावाचा परवाना आहे त्याच्याकडे. चांगला माणूस आहे. पूर्वी इथेच विक्री विभागात कारकून होता. येताना डोनट घेऊन आला होता, जर्दाळूचा मुरंबा भरलेले."

"किती?"

"सहा."

"आणि तू कॉफी करायला आत गेलास."

मी मान डोलावली.

"किती वेळ, ओतो?"

"शेगडी विझली होती," मी म्हणालो. "दहा मिनिटं. फार तर पंधरा. कपाट उघडं होतं. तो म्हणाला, जुनी चित्रं बघतो."

माझे कान तापले. सहा डोनटांसाठी मी अकरा जणांच्या पोटावर पाय दिला असेन, हे तिने बोलून दाखवलं नाही. ती भिंतीलगतच्या काचेच्या कपाटाकडे वळली होती. त्यात नामदिनाचे दिवे ठेवलेले आहेत. तिसऱ्या मजल्याची ही जुनी रीत. कुणा जवळच्याचा नामदिन असला की तार वाकवून त्याच्या नावाचं पहिलं अक्षर करायचं, ते बल्बमध्ये बसवायचं आणि त्याच दिवशी त्याच्या हातात द्यायचं. तो माणूस समोर उभा असतानाच दिवा पहिल्यांदा पेटवतात, मग पिरी नेनी हिऱ्याच्या सुईने बल्बच्या मानेवर त्या दिवसाची तारीख कोरते. पेटल्याशिवाय तारीख नाही. माणूस मेला की बहुतेक घरचे लोक दिवा मला आणून देतात.

"पुसतोस तरी का हे?" एदिनाने विचारलं.

"दर शुक्रवारी."

"या दोघांपैकी कुणी तरी नेलंय, हे उघड आहे," ती म्हणाली. "पान नसलं की अवसायक बाईला सगळंच नाव विकता येतं. तिचा फायदा मला दिसतो. लेहेलचा दिसत नाही. त्याला काय मिळणार त्यातून?"

ते दुसऱ्या दिवशी दुपारी कळलं, आणि ऐकून पिरी नेनीने जेवणाचा डबा न उघडता परत पिशवीत ठेवला.

३

वामोश ब्रिगित्ता चौतिशीची असेल. कारखान्याच्या जुन्या दवाखान्यात तिने टेबल टाकलं होतं आणि तिच्याभोवती खोक्यांचा ढीग होता. नऊशे माणसांचे दावे एकटीने उपसून तिच्या डोळ्यांखाली काळी वर्तुळं आली होती.

"पान मी पाहिलंय," तिने स्वतःच सांगून टाकलं. "बारा जानेवारीला. फाईल नऊ, पानं सतरा. ही बघा माझी नोंद."

तिच्या वहीत खरोखर सतराचा आकडा होता, शेजारी तारीख आणि सही.

"मग शुक्रवारी तुम्ही स्वतःच सांगा की पान होतं," एदिना म्हणाली.

"काय सांगू? मी पानं मोजली, वाचली नाहीत. माझ्यापुढे अशा चारशे फायली होत्या. सतरावं पान होतं एवढं शपथेवर सांगेन. त्यात काय होतं हे मला कसं सांगता येईल?"

एदिनाने वही परत दिली. बाहेर पडल्यावर ती मला जे म्हणणार होती ते माझ्या डोक्यात आधीच आलं होतं. ज्याला पान चोरायचंय तो सतरा लिहून ठेवील कशाला? सोळा लिहिलं असतं तर प्रश्नच मिटला असता.

पण आम्हाला बाहेर पडता आलंच नाही.

"थांबा," ब्रिगित्ता म्हणाली. "तुम्ही आलाच आहात तर हेही बघून घ्या. आज सकाळी आलंय. यापुढे तुमचं ते पान असलं काय, नसलं काय."

तिने एक पिवळट कागद पुढे केला. कारखान्याचा जुना छापील कागद, जुन्या टंकयंत्रावरची अक्षरं. मी मोठ्याने वाचलं.

"आज, २५ फेब्रुवारी १९९२ रोजी, माझ्या नामदिनानिमित्त जमलेल्या सहकाऱ्यांसमोर मी असं नोंदवतो की हायनाल हे नाव, सर्व प्रकारच्या दिव्यांसाठी, तोर्दाई लेहेल यांच्या व्यापारी संस्थेकडे कायमचं देण्यात येत आहे."

खाली सालांत्सी गेझा यांची सही होती. ती लांबलचक शेपटीची सही मी हजार वेळा पाहिलीय. शिक्काही खरा होता.

"विक्री मार्चमधली," ब्रिगित्ता म्हणाली, "आणि हा कागद फेब्रुवारीतला. म्हणजे अमेरिकनांना नाव मिळालंच नव्हतं. त्यांना नाही, तर त्यांच्याकडून घेणाऱ्याला नाही, आणि म्हणून मलाही विकता येत नाही. तिसऱ्या मजल्याला मार्चमध्ये जे दिलं तेही जे हातात नव्हतं त्यातूनच दिलं. हस्ताक्षरतज्ज्ञ सकाळीच बघून गेला. सही अस्सल आहे."

"आणि तुम्ही मानलंत?" मी विचारलं.

"मी मानायचा प्रश्न नाही. वाद आहे म्हटलं की कोर्ट. कोर्ट म्हणजे तीन वर्षं. तोवर हे नाव कुणालाच लावता येणार नाही."

तीन वर्षं. रेल्वे तीन आठवडेही थांबली नसती.

४

लेहेलचं दुकान बाजाराच्या मागच्या बाजूला आहे. सबंध भिंतभर हायनालची खोकी, पहाटेच्या त्या जुन्या नारिंगी चित्रासकट. आत नेमका काय माल आहे आणि तो कुठल्या समुद्रावरून आलाय, ते देव जाणे.

"हात चुंबतो, बाईसाहेब," तो जुन्या पद्धतीने एदिनाला म्हणाला आणि पोगाचांची, म्हणजे छोट्या खाऱ्या पावांची बशी पुढे सरकवली. मी बशीला हात लावला नाही. आयुष्यात पहिल्यांदाच.

"इतकी वर्षं नाव तुमचंच होतं," एदिनाने सुरुवात केली, "मग तुम्ही परवाना कशाला घेतलात? स्वतःच्या घराचं भाडं भरत होतात?"

लेहेल हसला. "हेच मला बायकोही विचारते. कागद माझ्याकडे आहे हेच मी विसरलो होतो हो. सत्तावीस वर्षांचा होतो. गेझा बाचींनी थट्टेवारी दिला असं वाटलं. जानेवारीत माळा आवरताना सापडला. दिवाळखोरी झाली नसती तर मी काही बोललोही नसतो. पण परवाना तर कंपनीबरोबर बुडाला. उद्या नाव बाहेरच्या कुणी घेतलं तर मी या खोक्यांचं काय करू? जाळू?"

"सही केली तेव्हा तुम्ही तिथे होतात?"

"होतो म्हणजे? पालिंका दारूच्या पेल्यांचा ट्रे माझ्याच हातात होता. विचारा कुणालाही. ओतो, तू पण होतास की त्या पार्टीला."

मी होतो. गेझा बाचींच्या केबिनमध्ये माणसं मावत नव्हती, हे मला चांगलं आठवतं. तारीख मात्र एकतीस वर्षांनी कुणाला आठवणार?

"आणि ती नामदिनाचीच पार्टी?" एदिनाने विचारलं. "म्हणजे आदल्या किंवा दुसऱ्या दिवशीची नव्हे? सोयीसाठी लोक पुढेमागे करतात."

"छे. त्याच दिवशीची. तिसऱ्या मजल्याच्या बायका त्यांचा तो दिवा घेऊन आल्या होत्या. गेझा बाचींनी तो पेटवला, टेबलावर ठेवला आणि त्याच्याच उजेडात सही केली. माझ्या डोळ्यांसमोर आहे अजून." लेहेलने भिंतीवरच्या कॅलेंडरवर बोट ठेवलं. "हे बघा. पंचवीस, गेझा."

कॅलेंडरात पंचवीसला गेझाच होता. माझी उरलीसुरली आशाही मावळली.

एदिना मात्र कॅलेंडरशेजारच्या फोटोकडे बघत होती. निळ्या झग्यातली एक बाई, हातात चिमटा.

"आई," लेहेल म्हणाला. त्याचा आवाज एकदम खाली आला. "मार्गित. तिसऱ्या मजल्यावर होती, पिरी नेनीच्या शेजारच्या टेबलावर. दोन वर्षं झाली. घरात तिच्या हातचं काहीच उरलं नाही. लिहायचीही कधी नाही, किराण्याची यादीसुद्धा मलाच सांगायची."

"दिसायला तुमच्यासारखी," एदिना म्हणाली, आणि मला वाटतं ते तिने मनापासून म्हटलं.

रस्त्यावर आल्यावर मी तिला गाठलं. "सही खरी आहे, एदिना. गेझा बाची मेलेत. साक्षीदार सगळे पिऊन टुन्न होते. आता काय करायचं?"

"सही खरी असू शकते आणि कागद खोटा. गेझा बाची कोऱ्या कागदावर सह्या करून ठेवायचे का?"

मी चालता चालता थांबलो. "त्या वर्षी दर महिन्याला अमेरिकेच्या वाऱ्या होत्या. माल अडू नये म्हणून विक्री विभागाकडे पाच-सहा कोरे कागद सही करून ठेवलेले असायचे."

"सगळे वापरले गेले?"

"कोण मोजतंय?"

"लेहेल विक्री विभागातच होता," ती म्हणाली. "पण 'असू शकतं' म्हणून ब्रिगित्ता ऐकणार नाही. कागद खोटा आहे हे कागदानेच सांगायला हवं." मग ती हसली. मला ते हसू ओळखीचं होतं, १९९६ चं. "आणि त्याने सांगितलंय, ओतो. तू स्वतः वाचून दाखवलंस आणि तुला कळलं नाही. तुला तर कळायलाच हवं होतं."

तिने शुक्रवारपर्यंत मला काहीही सांगितलं नाही. तीन दिवस मी डोकं खाजवत होतो.

५

शुक्रवारी पावणेदहाला दवाखान्यात आम्ही पाच जण होतो. ब्रिगित्ता टेबलामागे, लेहेल नव्या सुटात, पिरी नेनी निळ्या झग्यात, मी आणि एदिना. एदिनाच्या सांगण्यावरून मी चिंध्यांत गुंडाळलेलं एक खोकं मांडीवर धरून बसलो होतो.

"माझं म्हणणं दहा मिनिटांचं आहे," एदिना म्हणाली. "ब्रिगित्ता, आज कुणाचा नामदिन?"

"चोवीस फेब्रुवारी. मात्याशचा. का?"

"उद्या?"

"गेझाचा."

"परवा?"

"एदिनाचा," मी म्हणालो. मी या वर्षी नवं कॅलेंडर घेतलं होतं.

"बरोबर. आता बाकीचं जग लीप वर्षात काय करतं? एकोणतीस फेब्रुवारी जोडतं. आपल्या पंचांगात मात्र लीपचा जादा दिवस चोवीस फेब्रुवारीला बसवतात. त्यामुळे त्यापुढचे नामदिन एकेक घर सरकतात. मात्याश पंचवीसला, गेझा सव्वीसला, एदिना सत्तावीसला. ज्यांची नावं या पाच दिवसांत येतात ते हे कधीच विसरत नाहीत, कारण दर चार वर्षांनी त्यांना कुणी तरी चुकीच्या दिवशी फुलं आणून देतं. बाकीच्यांच्या हे गावीही नसतं."

माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. ही फुलं गेझा बाचींना नेऊन दे. ती सव्वीस तारीख होती, आणि ते लीप वर्ष होतं.

"शहाण्णव लीप," मी पुटपुटलो. "म्हणजे ब्याण्णवही."

"ब्याण्णवही," एदिना म्हणाली. "पंचवीस फेब्रुवारी १९९२ ला गेझा बाचींचा नामदिन नव्हताच. आपला नामदिन आज आहे असं लिहिलेल्या कागदावर ते आदल्या दिवशी सही करतील? हा मजकूर त्यांच्या सहीच्या वर नंतर टंकलेला आहे, आणि टंकणाऱ्यासमोर कॅलेंडर या वर्षीचं होतं."

लेहेलचा चेहरा पांढरा पडला होता, पण जीभ शाबूत होती. "टंकताना एक आकडा चुकला असेल. एवढ्यावरून तुम्ही मला चोर ठरवणार? पार्टी झाली, सही झाली. कदाचित आदल्या दिवशीच साजरा केला असेल."

"त्यासाठीच मी तुम्हाला दुकानात मुद्दाम विचारलं," एदिना म्हणाली. "तुम्ही म्हणालात त्याच दिवशी, दिवा पेटवून, त्याच्या उजेडात. आणि आकडा चुकला म्हणायचं तर कॅलेंडरवर बोट ठेवून पंचवीस तुम्हीच दाखवलंत. ओतो."

मी चिंध्या सोडल्या. गेझा बाचींच्या बायकोने त्यांच्या मागे मला आणून दिलेला दिवा. आत तारेचं गोल वळणाचं अक्षर. गेली चौदा वर्षं दर शुक्रवारी मी तो पुसतोय आणि मानेची बाजू भिंतीकडे करून ठेवतोय.

पिरी नेनीने चष्मा लावला. दिवा हातात घेऊन फिरवला, बोटाने चाचपला आणि वाचलं. "एकोणीसशे ब्याण्णव, दोन, सव्वीस." मग लेहेलकडे बघून म्हणाली, "मी कोरलंय हे. गेझा बाची समोर उभे होते. तुझी आई माझ्यासाठी दिवा धरून होती, लेहेल. पेटल्याशिवाय आम्ही तारीख कोरत नाही, हे तुला लहानपणापासून माहितीये."

ब्रिगित्ताने तो पिवळट कागद दोन बोटांनी उचलून बाजूला ठेवला.

"हा दावा मी नोंदवत नाही," ती म्हणाली. "तक्रार मात्र मला करावी लागेल. पण पिरोश्का नेनी, यानेही तुमचं काम होत नाही. सतरावं पान नाही तर खास दिव्यांचं नाव यादीत घालणं मला भाग आहे. दहाला सहा मिनिटं आहेत."

पिरी नेनीने दिवा माझ्या मांडीवर ठेवला. मग झग्याचं तेच बटण पुन्हा लावायला-काढायला लागली.

"पान आहे," एदिना म्हणाली. "मार्चमध्ये नाव गेझा बाचींच्याच हातात होतं हे ते पान सांगतं, म्हणून ते नाहीसं होणं एकाच माणसाच्या गरजेचं होतं. खरं तर त्याने ते त्याच संध्याकाळी शेगडीत घालायला हवं होतं. पण त्याने घातलं नाही." ती लेहेलकडे वळली. आवाजात चढ नव्हता. "त्या पानावर तिसऱ्या मजल्यावरच्या सगळ्यांच्या सह्या आहेत. त्यात तुमच्या आईची आहे. घरात तिच्या हातचं काहीच उरलं नाही, असं तुम्हीच म्हणालात. ते पान तुम्ही जाळू शकला नाहीत, लेहेल."

लेहेलने खाली नव्या बुटांकडे पाहिलं. मग त्याने कोटाच्या आतल्या खिशातून पाकीट काढलं, पाकिटातून चौघडी घातलेला एक कागद काढला आणि टेबलावर नाही, पिरी नेनीच्या हातात दिला.

"मला फक्त खोकी विकायची होती," तो म्हणाला. "तुमचं नाव मी काढून घेणार नव्हतो, पिरी नेनी. तुम्हाला मी ते वापरायला दिलंच असतं."

"परवान्यावर?" पिरी नेनी म्हणाली.

त्याने पाकीट मिटून खिशात घातलं.

तिने घड्या उलगडल्या आणि सह्यांवरून बोट फिरवत खाली गेली. एका जागी थांबली. "मार्गितची सही. कायम ओळीच्या खाली घसरायची." तिने कागद ब्रिगित्ताला दिला आणि म्हणाली, "याची एक प्रत काढा, मुली. या लेहेलला घरी लावायला."

दहाला दोन मिनिटं असताना ब्रिगित्ताने यादीतली एक ओळ खोडली.

६

घरगुती दिव्यांवरचं हायनाल हे नाव पुढे कुणीतरी दूरच्याने घेतलं. कोण, ते मी दोनदा ऐकलं आणि दोनदा विसरलो. पुढेमागे ते किटल्यांवरही दिसेल. लोक मला विचारतात, मग हायनाल आता नक्की कुणाचा? मी त्यांना वर, तिसऱ्या मजल्याकडे बोट दाखवतो. कायद्याने ते अर्धंच खरं आहे.

रविवारी, सव्वीस फेब्रुवारीला, मी सात ट्यूलिप घेऊन एदिनाच्या दारात उभा राहिलो.

"या वर्षी बरोबर आलास," ती म्हणाली. फुलं घेतली आणि दार उघडंच ठेवलं, म्हणून मी आत गेलो.

"या वर्षी सोपं होतं."

"पुढच्या वर्षी नाहीये. पुढचं लीप आहे. तुझी परत फजिती होणार."

"होणार नाही. काल मी पिरी नेनीकडे तुझ्या नावाचा दिवा सांगून आलो. तिने वहीत लिहून घेतलं, सत्तावीस फेब्रुवारी, पुढचं वर्ष."

एदिना फुलं घेऊन तशीच उभी राहिली. गेल्या सोमवारी पिरी नेनीच्या वहीत शुक्रवारनंतरचं काहीच नव्हतं, हे तिलाही माहीत होतं.

"तारीख कोरली नाही ना आधीच?" तिने विचारलं.

"छे. ती म्हणाली, तारीख पेटल्यावर. आणि तुला घेऊन यायला सांगितलंय."